मुक्या रिळांची लय

पंचवटीतल्या एका जुन्या वाड्यातून आलेले पत्र्याचे तीन चपटे डबे गेल्या पावसाळ्यात माझ्या टेबलावर उघडले, तेव्हा सर्वांत आधी आला तो वास. ॲसिटेटच्या पट्टीवर तयार केलेली फिल्म जुनी होऊन विघटित होऊ लागली की तिच्यातून ॲसिटिक आम्ल सुटू लागते, आणि बंद डब्यात साठलेले तेच आम्ल पुढे त्या विघटनाचा वेग आणखी वाढवते. व्हिनेगरसारखा हा वास आला म्हणजे हाताशी फार वेळ उरलेला नाही, असे समजायचे. डब्यांमध्ये 8 मिलिमीटरची तीन रिळे होती, कृष्णधवल आणि मूक. गोदावरीच्या घाटांवर माहितीपट करणाऱ्या एका दिग्दर्शकाला ती त्या घरातून मिळाली होती आणि त्यातला काही भाग माहितीपटात वापरायचा असल्याने त्याच्या पार्श्वसंगीताचे काम माझ्याकडे आले होते.

एरवी संगीतकाराकडे चित्रपट येतो तो कापून, जुळवून, संकलकाने पक्का केल्यानंतर. दिग्दर्शकासोबत बसून कोणत्या दृश्याला संगीत हवे, ते कुठे सुरू व्हावे आणि कुठे थांबावे हे ठरवायचे, ज्याला आमच्याकडे स्पॉटिंग म्हणतात, आणि मग घड्याळाशी झुंजत स्वररचना करायची, हा नेहमीचा क्रम असतो. या वेळी मी मुद्दाम आग्रह धरून रिळे स्कॅन होण्याच्या आधीपासून त्यांच्यासोबत राहिले. जुनी, आकसलेली फिल्म प्रोजेक्टरवर चालवणे म्हणजे तिची छिद्रे फाडून घेणे असते, म्हणून प्रत्येक चौकट, म्हणजे फिल्मवरचे एकेक स्थिर चित्र, स्वतंत्रपणे स्कॅन करून घ्यावी लागते. त्या कामात फिल्मच्या कडेवर कोडॅक कंपनीची बारीक खूण दिसली. कोडॅक फिल्मच्या निर्मितीचे वर्ष अशा चिन्हांनी नोंदवत असे आणि ती चिन्हे वीस वर्षांनी पुन्हा वापरात येत, त्यामुळे आमच्यासमोर 1948, 1968 आणि 1988 असे तीन पर्याय उभे राहिले. घरातल्या मंडळींनी एकाच वाक्यात निकाल लावला. दुसऱ्या रिळात पाणी आहे, खूप पाणी आहे, आणि ते 1969 च्या महापुराचे आहे.

नाशिककरांना पुराची उंची मीटरमध्ये सांगावी लागत नाही. रामकुंडाजवळच्या दुतोंड्या मारुतीच्या गुडघ्याला पाणी लागले, कमरेला लागले, छातीला लागले, अशीच आपली मोजपट्टी आहे. त्या रिळात मारुती दिसतच नाही. जिथे तो असायला हवा तिथे फक्त वाहणारा करडा पृष्ठभाग आहे.

आता वेगाविषयी सांगते, कारण या संपूर्ण कामात सर्वांत अधिक दिवस त्यातच गेले. संकलकाने पाठवलेल्या पहिल्या मसुद्यात घाटावरची माणसे तुरुतुरु धावत होती. जुनी चित्रफीत म्हटले की माणसे अशीच चालायची, हे आपण इतके गृहीत धरले आहे की ते कोणाला खटकतही नाही. प्रत्यक्षात त्या काळची माणसे आपल्याच चालीने चालत होती. 8 मिलिमीटरचे घरगुती कॅमेरे साधारणपणे सेकंदाला 16 चौकटी टिपत असत आणि आपण आज दूरचित्रवाणीसाठी सेकंदाला 25 चौकटींच्या हिशेबाने काम करतो. या रिळाची लांबी 50 फूट, एका फुटात 80 चौकटी, म्हणजे एकूण 4000 चौकटी. त्या 16 च्या वेगाने 4 मिनिटे 10 सेकंद चालतात आणि 25 च्या वेगाने अवघ्या 2 मिनिटे 40 सेकंदांत संपतात. दीड मिनिटाचे आयुष्य कोणाच्याही लक्षात न येता गळून पडते.

पण कॅमेऱ्यावर 16 लिहिले आहे म्हणून तो 16 नेच चालला असेल, असे नाही. चावी देऊन चालणारा कॅमेरा जुना झाला, थंडीत किंवा दमट हवेत राहिला, तर त्याची गती बदलते. म्हणून मी पावले मोजली. डोक्यावर बोचके घेतलेली एक बाई पायरीवरून चालत जाते, तिचा एक पाय टेकल्यापासून दुसरा टेकेपर्यंत किती चौकटी जातात हे एकेक चौकट पुढे सरकवून पाहिले, तर सरासरी 9 आल्या. सेकंदाला 25 च्या वेगाने ही चाल मिनिटाला 167 पावलांची होते, जी धावण्याची चाल आहे. 18 च्या वेगाने ती 120 होते आणि 16 च्या वेगाने 107. ओझे घेऊन, ओल्या दगडावर, बेताने चालणाऱ्या माणसाची चाल 107 च्या आसपासची असते, हे पडताळण्यासाठी मी रविवार कारंजाच्या बाजारात सकाळी उभी राहून भाजीच्या पाट्या नेणाऱ्यांची पावले घड्याळ लावून मोजली. आमचे रीळ 16 चेच होते.

या गणिताचा नाशिकशी जुना संबंध आहे, म्हणून थोडे थांबते. दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, जन्म 1870 चा. 3 मे 1913 रोजी मुंबईत त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला आणि त्यानंतर लवकरच त्यांनी आपला सारा कारभार नाशिकला आणला. त्या चित्रपटाची लांबी 3700 फूट सांगितली जाते. 35 मिलिमीटरच्या फिल्ममध्ये एका फुटात 16 चौकटी असतात, म्हणजे सेकंदाला 16 च्या वेगाने एक फूट बरोबर एक सेकंद चालतो आणि तो चित्रपट तासाभराहून थोडा जास्त होतो. तोच बोलपटांच्या 24 च्या वेगाने चालवला तर साधारण 41 मिनिटांत संपतो. हाताने फिरवायच्या त्या कॅमेऱ्याची आणि प्रोजेक्टरची गती माणसाच्या मनगटात होती, आणि पडद्याशेजारी पेटी-तबला घेऊन बसलेले वादक प्रोजेक्टरवाल्याच्या हाताकडे कान देऊन आपली लय कमी-जास्त करू शकत होते. आम्हाला ती मोकळीक नाही. आमचे संगीत चित्राला एकदा बांधले की कायमचे बांधले जाते, म्हणून वेगाचा निर्णय चुकला तर त्यावर रचलेला प्रत्येक स्वर चुकतो.

संकलकाचे आणि माझे पहिले मतभेद इथेच झाले. 16 चौकटी 25 मध्ये बसवायच्या तर सेकंदाला 9 चौकटी दोनदा दाखवाव्या लागतात आणि हालचालीत किंचित अडखळ दिसते. त्यावर उपाय म्हणून दोन चौकटींच्या मधल्या चौकटी संगणकाकडून तयार करून घेण्याची सोय आता सहज मिळते, आणि तिने चित्र लोण्यासारखे मऊ वाहू लागते. मी ते पाहिले आणि मला ते पाहवले नाही. त्या बाईचा पाय हवेत असताना तो नेमका कुठे होता हे कॅमेऱ्याने टिपलेले नाही. जे कोणी पाहिले नाही ते पाहिल्यासारखे दाखवायचे, हे मला मान्य नव्हते. बराच वाद झाला आणि अखेरीस अडखळ राहू द्यायचे ठरले. त्याच बोलण्यात मी आणखी एक गोष्ट वाचवली. चावीचा कॅमेरा सुरू होताना पहिल्या एक-दोन चौकटींना वेग कमी असल्यामुळे जास्त प्रकाश मिळतो आणि त्या जवळजवळ पांढऱ्या होतात. संकलक त्या सवयीने कापून टाकतात. पण त्या पांढऱ्या चौकटीत चित्र घेणाऱ्याचे बोट कळीवर पडल्याचा क्षण आहे, तिच्याहून खरा ठोका मला या रिळात दुसरा कुठला मिळणार होता?

पुराच्या दृश्याला दिग्दर्शकाने नमुना म्हणून एक संगीत लावून पाठवले होते. व्हायोलिन आणि चेलोंचा मोठा ताफा, खालच्या पट्टीत सुरू होऊन पाण्यासोबत चढत जाणारा. ‘संगीत पाण्यासारखं चढलं पाहिजे’, ही त्याची एकमेव सूचना होती. नमुन्याचे संगीत फार धोकादायक असते, कारण दिग्दर्शक ते शंभर वेळा ऐकतो आणि मग त्याला चित्र त्याच स्वरांत दिसू लागते. माझा पहिला प्रयत्नही काही वेगळा नव्हता. पावसाचे दृश्य म्हणून मी बासरीवर मियाँ मल्हारचा आलाप घेतला, दोन्ही निषाद एकमेकांना लगटून येतात ती जागा दोनदा आळवली, आणि रात्री ऐकताना लक्षात आले की मी अगदी उलटा अर्थ लावत आहे. मल्हार ज्याची वाट पाहतो ते पाणी वेगळे. ज्या घरात ते उंबरा ओलांडून आले आहे तिथे मल्हार वाजवणे हा त्या माणसांवर अन्यायच झाला असता. तो आलाप मी पुसून टाकला.

दुसरा प्रयत्न संबळाचा होता. गोंधळाची परंपरा असलेल्या घरातले एक अनुभवी वादक माझ्याकडे ध्वनिमुद्रणासाठी आले. मी त्यांना आधी चित्र दाखवले. त्यांनी ते दोनदा पाहिले, काठ्या मांडीवर ठेवल्या आणि म्हणाले, “ताई, इथं मी काय वाजवू? बायका घरातलं सामान काढतायत.” त्या दिवशी आम्ही काहीच मुद्रित केले नाही. चहा घेऊन ते परत गेले, मी त्यांचे ठरलेले मानधन दिले, आणि त्या एका वाक्यासाठी ते मला कमीच वाटले.

मग मी त्या वाड्यातल्या आजींना भेटायला गेले. त्यांचे वय आता नव्वदीच्या जवळ आहे आणि पुराच्या वेळी त्या ऐन उमेदीत होत्या. ध्वनिसंयोजक मित्राला पुराच्या दृश्याखाली पाण्याचा घोंघावणारा आवाज हवा होता, म्हणून मी त्यांना विचारले की त्या दिवशी पाण्याचा आवाज कसा येत होता. त्या थोडा वेळ गप्प राहिल्या.

“पाण्याचा आवाज कुठला आठवतोय गं,” त्या म्हणाल्या. “भांडी वाजत होती. सगळ्या वाड्यात नुसती भांडी वाजत होती. खालच्या मजल्यावरून वर चढवत होतो ना, हातातून हातात. ते आठवतंय.”

त्यानंतर मला पुराच्या संगीतासाठी दुसरे काही शोधावे लागले नाही. आजींच्या परवानगीने त्यांच्या माळ्यावरची पितळी भांडी खाली काढली: दोन घागरी, एक हंडा, तीन-चार तपेल्या, तांबे, एक मोठी परात. दोन दिवस ती माझ्या खोलीत होती. एक मायक्रोफोन भांड्याच्या काठाला जवळजवळ चिकटवून आणि दुसरा खोलीच्या कोपऱ्यात, अशी मांडणी करून मी एकेक भांडे बोटाने, लाकडी डावाने, कापड गुंडाळलेल्या काठीने वाजवून पाहिले. घागरीच्या बाबतीत एक गोष्ट लक्षात आली, जी प्रत्येक घरातल्या बाईला कानाने ठाऊक असते. घागर नळाखाली भरताना आतल्या हवेची जागा कमी होत जाते, त्यामुळे पाणी पडण्याचा आवाज चढत जातो, इतका की न पाहताही घागर भरत आल्याचे कळते. पण तीच घागर बाहेरून काठीने वाजवत भरली तर तिचा स्वर उतरत जातो, कारण पाण्याच्या भाराने पत्र्याचे कंपन मंदावते. जलतरंगाच्या वाट्या याच तत्त्वावर पाणी घालून स्वरात आणतात. एकाच भांड्यात, एकाच पाण्याने, एक आवाज चढतो आणि दुसरा उतरतो.

दिग्दर्शकाला हवे असलेले चढत जाणारे संगीत मला त्यातून मिळाले, मात्र त्याच्यासोबत उतरणारेही मिळाले. पुराच्या तुकड्याची लांबी 1 मिनिट 52 सेकंद आहे. त्यात घागरींचे दोन स्वर एकमेकांपासून दूर सुरू होतात, मध्ये कुठेतरी एकमेकांना ओलांडतात, आणि वरचा वर, खालचा खाली असे संपतात. त्याखाली एक तंबोरा आहे, पंचमाऐवजी मध्यमात लावलेला. बाकी काही नाही. चेलो नाही, बासरी नाही, आणि पाण्याचा आवाजही नाही.

पाण्याच्या आवाजावरून झालेली चर्चा मला सर्वांत मोलाची वाटते. ध्वनिसंयोजकाचे म्हणणे वाजवी होते. चित्र मुके आहे, प्रेक्षक आज आवाजाशिवाय चित्र पाहत नाही, आणि गोदावरीला पूर आलेला असताना तिचा खरा आवाज आपण पावसाळ्यात होळकर पुलावरून मुद्रित करू शकतो, मग तो 1969 च्या चित्राखाली घालण्यात खोटे काय? नदी तीच आहे. मला वाटते, प्रश्न नदीचा नाही, जुळण्याचा आहे. पडद्यावर एक बाई तपेली खाली ठेवते, आणि नेमक्या त्याच चौकटीला तपेलीचा आवाज आला, तर पाहणाऱ्याचे मन तत्काळ मान्य करते की हा आवाज तिथलाच, त्या क्षणाचा आहे. कल्पित चित्रपटात हे आपण राजीखुशीने मान्य करतो, कारण तिथली बाई आणि तपेली दोन्ही रचलेलीच असतात. पण जतन केलेल्या चित्रफितीतली बाई खरी आहे, तिचे घर खरे आहे, आणि तिथे एकदा आवाज चिकटवला की तो कागदपत्राचा भाग होऊन बसतो. वीस वर्षांनी कोणी दुसरा संशोधक तो तुकडा उचलेल आणि आवाजासकट खरा मानेल. तेच भांडे जर चित्रातल्या हालचालीशी न जुळता, तिच्या आगेमागे वाजले, तर कोणीही त्याला पुरावा समजत नाही, सगळ्यांना ते संगीतच वाटते. म्हणून मी माझ्यासाठी एक नियम केला आणि क्यू शीटच्या, म्हणजे कोणते संगीत कुठे येते त्या यादीच्या, वरच लिहून ठेवला: लय घ्यायची, ठोका घ्यायचा नाही.

तिसऱ्या रिळात पूर ओसरल्यानंतरची साफसफाई आहे, आणि हा नियम पाळणे तिथे कठीण गेले. अंगणात गाळ साचला आहे आणि दोन बायका खराट्याने तो लोटत आहेत. खराट्याचा एक फेर साधारण 14 चौकटींचा आहे, म्हणजे मिनिटाला 69 च्या आसपास. ही लय मला जात्यावरच्या ओवीच्या लयीच्या फार जवळची वाटली. एका गायिकेला मी ओवीची चाल शब्दांशिवाय, नुसती गुणगुणायला सांगितले, मिनिटाला 69 याच लयीत, पण समेची जागा खराट्याच्या फटकाऱ्यावर न येता दोन फटकाऱ्यांच्या मध्ये पडेल अशी. चावी संपत आली की कॅमेरा मंदावतो, कमी चौकटी टिपतो, आणि त्यामुळे पडद्यावर शेवटच्या दोन-तीन सेकंदांत त्या बायका अचानक घाईने झाडू लागतात. यंत्राच्या ठोक्यावर गायलेले गाणे तिथे चित्रापासून तुटले असते. गायिकेने ठोका कानातून काढून, चित्राकडे पाहत, श्वास किंचित लवकर घेतला आणि ती जागा सांधली. असे सात वेळा गाऊन घेतले, त्यातले चौथे ठेवले.

याच रिळात काही सेकंद नारोशंकराच्या देवळाची घंटा दिसते. 1739 साली मराठ्यांनी वसई पोर्तुगिजांकडून जिंकली, त्या विजयाची खूण म्हणून ती घंटा इथे आली, हे प्रत्येक नाशिककराला लहानपणी सांगितलेले असते, आणि पुराचे पाणी तिथवर पोहोचले म्हणजे महापूर, हेही. संगणकावरच्या ध्वनिसंग्रहांत देवळाच्या घंटा शेकड्याने आहेत आणि चर्चच्या घंटाही. ही घंटा घडली चर्चसाठी आणि टांगली गेली देवळात, त्यामुळे तिच्यासाठी यांतली कोणती निवडायची हा प्रश्न मला काही वेळ मोहात पाडत राहिला. मी एकही निवडली नाही. त्या सहा सेकंदांत तंबोराही थांबतो.

अंतिम मिश्रणाच्या आधी आम्ही लॅपटॉप घेऊन आजींकडे गेलो. त्यांनी चष्मा पुसून पुरेपूर लक्ष देऊन पाहायला सुरुवात केली आणि पहिल्या पांढऱ्या चौकटीनंतर ज्या बोलू लागल्या त्या थांबल्याच नाहीत. ही थोरली जाऊ, हा तिचा मधला, हे कपाट नंतर विकले, ही परात बघ, हीच तू नेली होतीस. मी इतक्या काळजीने ओलांडायला लावलेले दोन स्वर त्यांच्या बोलण्याखाली पूर्णपणे बुडून गेले. माहितीपटाचा पहिला खेळ नाशिकमध्येच होणार आहे, आणि त्या सभागृहात अशी बरीच माणसे असतील जी त्या पायऱ्या आणि ती दारे ओळखतील. दुसऱ्या दिवशी मिश्रणाला बसल्यावर मी पुराच्या तुकड्यात घागरींची पातळी 3 डेसिबलने खाली घेतली.